उष्टी हळद अकोल्याला गेली

माझ्या धाकट्या भावाला मुलगी मिळत नव्हती, आणि नॉर्वेहून आलेल्या बाईला नेमका असाच माणूस हवा होता.

आमचं गाव नांदगाव खंडेश्वरच्या पुढे, डांबरी रस्ता सोडून आत. काळी जमीन, सोयाबीन, तूर, थोडी पराटी म्हणजे कपाशी, आणि प्रत्येक आळीत दोन-तीन बिनलग्नाचे पुरुष. चाळिशीला टेकलेले, केसांना कलप लावणारे, दुसऱ्याच्या वरातीत सगळ्यात पुढे नाचणारे. मुलीचा बाप आधी विचारतो, मुलगा कुठे लागला? शेती करतो म्हटलं की चहा अर्धा टाकून उठतो. पुण्यातल्या कंपनीच्या गेटवर उभा राहणारा जावई चालतो, स्वतःच्या शेताच्या धुऱ्यावर उभा राहणारा चालत नाही.

भावाने किती मुली पाहिल्या ते तोही विसरला होता. तो दिसायला चांगला, निर्व्यसनी, आणि बोलायला कमी. बघायच्या कार्यक्रमात त्याला काही विचारलं की तो आधी आईकडे पाही. दर्यापूरकडच्या एका मुलीने तर सगळ्यांसमोर म्हटलं, फोटोत केस जास्त होते. लोक हसले, तोही हसला, आणि परतीच्या एसटीत त्याने डोक्याला बांधलेला रुमाल घरी येईपर्यंत सोडला नाही. त्याला लग्न करायचं होतं. दुसरं त्याला आयुष्यात काहीही नको होतं, आणि हे गावाला माहीत असल्यामुळे गावाला करमणुकीची कधी ददात पडली नाही.

मी त्याची मोठी बहीण. अमरावतीला राजापेठेत ट्युशन क्लासच्या जिन्याखाली माझं पिको-फॉलचं दुकान आहे. वडील गेल्यापासून आई आणि भाऊ गावात दोघंच. माझं तोंड फटकळ आहे असं माहेरचेही म्हणतात आणि सासरचेही, म्हणजे असेलच.

तर ती नॉर्वेची बाई. उंच, हाडकुळी, बिनसाखरेचा काळा चहा पिणारी. ती खेड्यातल्या बिनलग्नाच्या पुरुषांवर सिनेमा काढत होती, आणि त्यात एकही नट नको असं तिचं म्हणणं. ज्याने त्याने स्वतःचंच काम करायचं. तिच्यासोबत दुभाषा म्हणून अकोल्याच्या जठारपेठेतले एक मास्तर होते, कॉलेजात इंग्रजी शिकवून निवृत्त झालेले, पोट सुटलेले, सारखा घाम पुसणारे. ते बाईचं बोलणं शुद्ध मराठीत सांगायचे आणि गावाचं बोलणं तिला सांगताना बरंचसं गाळायचे.

स्वतःसारखं वागा म्हटल्यावर गावाची पंचाईत झाली. शेजारीण म्हैस पिळायला पैठणी नेसून बसली. सरपंचाने घराला रंग दिला आणि बाईने तो सुकायच्या आत दुसऱ्या घरात कॅमेरा नेला, म्हणून तो तिच्यावर कायमचा बिघडला. आमच्या गावात एक गृहस्थ आहेत, त्यांनी जन्मात कधी काम केलेलं कोणी पाहिलेलं नाही. त्यांनी विचारलं, मंग मी काय करू? मास्तर म्हणाले, रोज करता तेच करा. ते पारावर बसून राहिले. सिनेमात सगळ्यात अस्सल तेच दिसतात.

भावाला तिने पहिल्या दिवशीच निवडलं. तो कॅमेऱ्यासमोर वेगळा काही वागला नाही. बैल सोडले, फवारणीचा पंप धुतला, आईने वाढलं ते जेवला. बाईने त्याला एकदा ओट्यावर बसवून विचारलं, तुला काय हवं? मास्तरांनी प्रश्न सांगितला. तो जमिनीकडे बघत म्हणाला, "लगीन." आळीतली पोरंसोरं फिदीफिदी हसली. बाई हसली नाही. ती कधीच हसत नसे. तिचा राग यावा असं तिने तोंडावर काहीही केलं नाही, तेच मला अजून खुपतं.

मग तिने ठरवलं की सिनेमाच्या शेवटी त्याचं लग्न दाखवायचं. खोटं, त्याच्या मनातलं. मंडप खरा, गाव खरं, भटजी खरा, फक्त नवरी तेवढी सोंगाची. नवरीसाठी गावात विचारणा झाली. एकाही बापाने मुलगी उभी करू दिली नाही. कुठल्या तरी परदेशी पडद्यावर लेकीच्या कपाळी मुंडावळ्या दिसल्या तर उद्या तिला कोण करणार, असं सगळे म्हणाले. लेकीच्या बाबतीत सगळ्यांना अक्कल होती. मुलाच्या बाबतीत असा विचार कोणाच्या मनातही आला नाही, माझ्याही नाही. मुलाचं काय बिघडणार होतं?

शेवटी अकोल्यात हौशी नाटकात काम करणारी एक मुलगी मास्तरांनी ठरवली. सकाळी गाडी पाठवायची, दुपारी ती येईल, गोरजावर लग्नाचं शूटिंग, रात्री परत.

भावाचा फोन आला. "ताई, थे कशी असन वं?"

"नाटकवाली हाय थे," मी म्हटलं. "सोंग करून जाईन."

"मले मालूम हाय," तो म्हणाला. पण त्याने मला राजापेठेतून क्रीम रंगाचा कुर्ता आणायला सांगितला, मापासकट, आणि वर विचारलं की पायात मोजडी बरी दिसेल का चप्पल. मला तेव्हाच त्याची कीव आली. कीव आणि थोडा रागही. इतकं काय हुरळायचं, तासाभराची नवरी ती.

मी सकाळी पहिल्या एसटीने पोचले तर अंगणात जातं मांडलेलं, त्यावर मोठी माय, म्हणजे आमच्या काकांची बायको, हळकुंडं दळत बसलेली. बाजूला चार बायका हळदीची गाणी म्हणत होत्या. आत देवघरासमोर देवक बसवलेलं. कुलदैवताला नारळ फुटून, सुपारी ठेवून, सगळं रीतसर झालं होतं.

मी आईला म्हटलं, "माय, फिल्म हाय ना थे? इतलं कायले?"

"खोटी हयद लावतेत काय कोनी?" आई माझ्यावर वसकन ओरडली. "माह्या पोराच्या अंगाले एकडाव लागू दे. बाकीचं देव पाह्यन."

तिचा हिशोब तिच्या परीने सरळ होता. इतकी वर्षं हळद लागत नव्हती म्हणून लग्न होत नव्हतं, असंच ती मानत आली होती. आता आयती लागते आहे तर पुरती लागू दे. नॉर्वेच्या बाईला तर आनंदाचं भरतं आलं. कॅमेरा देवकावर, जात्यावर, मोठ्या मायच्या हातावर. आम्ही सवाष्णींनी भावाला पाटावर बसवून पायापासून कपाळापर्यंत हळद लावली. तो डोळे मिटून बसला होता. त्याच्या अंगाला इतक्या बायकांचे हात लागायची त्याच्या आयुष्यातली ती पहिलीच वेळ असेल. मोठ्या मायने त्याच्या गालावर हळद फासताना म्हटलं, "पाह्य, कसा म्हतारा उजयला!" आणि बायका खदखदल्या.

त्याच्या अंगाला लावून उरलेली हळद आईने स्टीलच्या डब्यात भरली, वर हिरवा खण ठेवला, आणि अकोल्याला निघालेल्या गाडीत ड्रायव्हरच्या हाती दिली. नवरदेवाची उष्टी हळद नवरीकडे जाते, तशी ती गेली. लग्नघरात ते ओघाने होतंच, त्यामुळे तेव्हा त्यात कोणाला वावगं वाटलं नाही.

हळद लागलेल्या नवरदेवाने घराबाहेर पडायचं नसतं. मग भाऊ आतल्या खोलीत, हातात लिंबू टोचलेली सुरी, आणि करवली म्हणून मी त्याच्यापाशी. दुपार आम्ही तिथेच काढली. तो दर थोड्या वेळाने विचारायचा, गाडी आली का. बाहेर एकदा गाडीचा आवाज आला, मग मास्तरांचा, मग आईचा, मग बराच वेळ कुजबुज. मी उठायला लागले तर मोठी माय दारात आडवी आली आणि म्हणाली, करवलीनं नवरदेवाले सोडून जाऊ नये. मी परत बसले. बाहेर कोणीतरी हसलं. लग्नघरात लोक हसतातच.

गोरजावर आम्ही मंडपात गेलो. गाव लोटलं होतं. अंतरपाट आधीच धरलेला, पलीकडचं काही दिसत नव्हतं. भाऊ पाटावर उभा राहिला, हातात झेंडूचा हार, कपाळावर मुंडावळ्या. मी त्याच्या मागे दिवा घेऊन. भटजीने मंगलाष्टकं म्हटली, एकही कडवं न गाळता. पिवळ्या ज्वारीच्या अक्षता दोन्हीकडे पडत होत्या. भावाने हार दोन्ही हातांनी घट्ट धरला होता. मला त्याच्या मानेवर सुकलेली हळद दिसत होती आणि खरं सांगते, त्या घटकेला माझेही डोळे भरून आले. सोंग असो की काही असो, तो नवरदेव होता.

सावधान म्हणून वाजंत्री लागली आणि अंतरपाट बाजूला झाला. समोर पाट होता. पाटावर कोणी नव्हतं.

भावाने हार वर उचललेला होता, तो तसाच राहिला. त्याने आधी डावीकडे पाहिलं, मग उजवीकडे. मग खाली पाटाकडे, जशी काही ती बसलेली असेल. त्याने मास्तरांना विचारलं, अगदी साध्या आवाजात, काळजीने, "काय झालं? गाडी चुकली का तिची?"

आणि गाव हसलं. एकदम फुटलंच. बाप्ये मांडीवर थापा मारून हसले, बायका पदरात तोंड खुपसून हसल्या, वाजंत्रीवाल्याच्या हातातली काठी पडली. अक्षता उरल्या होत्या त्या लोकांनी रिकाम्या पाटावर टाकल्या. नॉर्वेची बाई कॅमेऱ्यामागे हूं की चूं न करता उभी होती, हात वर करून, थांबू नका अशी खूण करत.

सगळ्यांना माहीत होतं. मंडपातल्या प्रत्येकाला. फक्त भावाला आणि मला नव्हतं. बहीण म्हणून मी बोलून जाईन याची त्यांना खात्री होती, आणि ती खरी होती. मी दिवा खाली ठेवला आणि मास्तरांना, बाईला, सरपंचाला जे तोंडाला येईल ते बोलले. मास्तरांनी त्यातलं बाईला काहीही सांगितलं नाही. भावाने माझा दंड धरून मला घरात नेलं. आत जाऊन तो म्हणाला, "जाऊ दे ना ताई. फिल्म हाय थे."

रात्री आई ऊर बडवून रडली. त्या गोऱ्या बाईने माझ्या लेकराची धिंड काढली म्हणाली. आम्हाला कळलं ते असं की नाटकवाली मुलगी आजारी पडली, आणि बाईनेच डाव साधून हे घडवून आणलं. आम्ही विश्वास ठेवला. परकी बाई, उद्या निघून जाणारी, तिच्यावर खापर फोडणं सोपं होतं.

बाई गेली, आणि मागे राहिलेल्या गावाने भावाचं जिणं नकोसं केलं. तो एसटीच्या फाट्यावर दिसला की कोणीतरी विचारायचं, "आली का रे गाडी?" कोणाच्या लग्नात तो जेवायला बसला की शेजारचा पाट रिकामा ठेवायचे, वहिनीसाठी म्हणून. तो हसायचा. घरी येऊन गोठ्यात बसायचा. मी फोनवर म्हणायचे, एकाच्या तोंडात हाण, मग सगळे गप्प बसतील. तो म्हणायचा, "गावातच राहाचं हाय ना मले."

आणि मग, कोणाच्या ध्यानीमनी नसताना, त्याला मुलगी सांगून आली. अकोल्याचीच. जठारपेठेत साड्यांच्या दुकानात काउंटरवर काम करणारी, पस्तिशीची, बाप नाही, मामाने वाढवलेली. लग्न जमवता जमवता तिचंही वय उलटून गेलं होतं. मी त्या कार्यक्रमाला होते. तिने भावाला विचारलं, शेतात काय लावलं, आणि तो चक्क बोलायला लागला. तुरीवर बोलला, पाण्यावर बोलला, आईकडे बघायचं विसरला. ती ऐकत होती, मधूनच त्याला अडवून आणखी विचारत होती. निघताना ती मला म्हणाली, "सरळ मानूस हाय." मी गाडीत बसून रडले. पहिल्यांदा कोणा मुलीने माझ्या भावाचं गाऱ्हाणं नाही, कौतुक केलं होतं.

साक्षगंधाचा, म्हणजे साखरपुड्याचा, दिवस ठरला. रोज संध्याकाळी त्यांचं फोनवर बोलणं व्हायचं. आई म्हणायची, पाहा, हळदीचा गुण आला.

साक्षगंधाआधी तिचा मामा रीतीप्रमाणे चौकशीला गावात आला. कोणाला न सांगता आला, चहाच्या टपरीवर बसला, आणि आमच्या भावाबद्दल विचारलं. गाव खोटं बोललं असतं तर बरं झालं असतं. गाव खरं बोललं. पारावरच्या त्या गृहस्थांनी हळदीपासून अक्षतांपर्यंत सगळं वर्णन केलं, जन्मात कधी नव्हे ते कष्ट घेऊन. मामा तिथून तडक आमच्या घरी आला. मागून अर्धी आळी आली. मी योगायोगाने गावातच होते.

मामा ओट्यावर बसला, पाणी घेतलं नाही. "पोराचं लगीन झालं म्हनतेत."

"फिल्म होती थे," मी म्हटलं. "नॉर्वेची. सोंग होतं."

"फिल्म असो का काई असो. हयद कोनं लावली?"

मोठी माय पुढे झाली. तिला वाटलं तिच्या कामाची विचारपूस चालली आहे. "म्या लावली पयली. जात्यावर दयून लावली, बजारातली नाही."

"देवक बसवलं होतं?"

मामाने आईकडे पाहिलं. "बाई, तुमी सांगा. देवक खोटं होतं का?"

आईने एवढंच म्हणायचं होतं, हो, खोटं होतं. दगड मांडले होते, नारळ फोडला होता, देखावा होता सगळा. मी तिच्याकडे डोळे फाडून बघत होते. भाऊ खांबाला टेकून उभा होता, तोही तिच्याकडेच बघत होता. आईने डोक्यावरचा पदर सारखा केला.

"देवक कसं खोटं राहीन?" ती म्हणाली. "कुलदैवत हाय आमचं."

"मंग पोरगा बिजवर झाला," मामा म्हणाला. "आमची पोरगी पयलवार हाय. बिजवराले देयाची नाही आमाले."

"बिजवर कसा?" मी ओरडले. "बायको कुठी हाय त्याची?"

मागून कोणीतरी म्हणालं, "पयली मेली का सोडली, थे त पाह्यलं पाहिजे!" दुसरा म्हणाला, "थे त गाडीतूनच उतरली नाही!" आणि ओट्यापासून रस्त्यापर्यंत लोक हसत सुटले. मामासुद्धा मिशीत हसला. एकाही बाईचा हात न धरलेला माझा भाऊ त्या दिवशी आमच्या अंगणात दुसरेपणाचा नवरा ठरला. तो आत जाऊन कोपऱ्यात बसला. मी आईला वाट्टेल ते बोलले. ती म्हणाली, देवाच्या बाबतीत मी खोटं बोलणार नाही.

दुसऱ्या दिवशी मी भावाला घेऊन अकोल्याला गेले. तो यायला तयार नव्हता, मी आणला. जठारपेठेत तिच्या दुकानासमोर आम्ही उभे राहिलो. ती जेवणाच्या सुट्टीत बाहेर आली आणि मी तोंड उघडायच्या आत म्हणाली, "मामाचं मामापाशी. मले हयदीचं काई वाटत नाही. मामाले मी पाहून घेईन."

माझा जीव भांड्यात पडला. मी तिचे हातच धरले.

"फक्त थे फिल्म पाहाची हाय मले," ती म्हणाली. "लोकं काय म्हनतेत, थे माह्या डोयानं पाह्यलं म्हंजे झालं."

दुभाषे मास्तर तिथून दोन गल्ल्या पलीकडे राहायचे. आम्ही तिघं त्यांच्याकडे गेलो. ते आधी टाळत होते, मग लॅपटॉप लावला. म्हणाले, "बाहेरच्या देशांत फार नावाजला गेला हा सिनेमा. त्या प्रसंगाला तिकडे लोक रडतात." त्यांना वाटलं आम्हाला बरं वाटेल.

आम्ही सिनेमा पहिल्यांदाच बघत होतो. आमचं अंगण होतं, बैल होते, भाऊ होता. ती मधे मधे हसून त्याला विचारत होती, हा बैल कोणता, ही विहीर कुठली. तो सांगत होता. त्या अर्ध्या तासाइतका आनंदी मी त्याला कधी पाहिलेला नाही.

मग मंडप आला. अंतरपाट सरकला. भाऊ, हार, रिकामा पाट. "गाडी चुकली का तिची?" आणि मग कॅमेरा त्याच्यावरून निघाला आणि गर्दीवरून हळूहळू फिरत गेला. आम्ही त्या बाजूला पाठमोरे होतो, हे चेहरे आम्ही पाहिलेच नव्हते. सरपंच हसतो आहे. मोठी माय हसते आहे. भटजी हसतो आहे. आणि त्यांच्या मधोमध, नवं लुगडं नेसलेली, आमची आई. दोन्ही हातांनी पोट धरून, डोळ्यांतून पाणी येईस्तोवर हसते आहे. कॅमेरा तिथे थांबला. बराच थांबला.

"तुमच्या मायले मालूम होतं?" मुलीने भावाला विचारलं.

मास्तरांनी घाम पुसला. "आता लपवण्यात काय अर्थ," ते म्हणाले. "मुलगी तयार होऊन बसली होती हो. पण गाडीतून डबा गेला ना हळदीचा. तिच्या आईने झाकण उघडून विचारलं, ही कोणाच्या अंगाची? ड्रायव्हर म्हणाला, नवरदेवाच्या. झालं. त्या बाई घाबरल्या, हे नाटक नाही म्हणाल्या, डबा परत दिला आणि दार लावून घेतलं. मी इकडे म्हटलं, शूटिंग रद्द करू. आमच्या मॅडमची हरकत नव्हती. तुमच्या आईच अडून बसल्या. देवक बसलंय, उष्टी हळद गेलीय, आता अक्षता पडल्याशिवाय नवरदेव उतरवायचा नाही. पाट रिकामा राहिला तरी चालेल म्हणाल्या. आणि त्याला सांगू नका, तो उभा राहणार नाही, हेही त्याच म्हणाल्या. मॅडमना ते फार आवडलं."

आईने रीत पुरी केली, इथवर मी समजू शकते. तिच्या जिवाला हळदीचं भय असेल. पण हसणं? मी स्वतःला सांगून पाहिलं की भोवतालच्या बायका हसल्या म्हणून ती हसली. घाबरून हसली असेल, हेही सांगून पाहिलं. मी ते चित्र पाहिलेलं आहे. ती घाबरलेली नव्हती. तिला मजा वाटली होती.

ती मुलगी भावाकडे वळून बसली. तिचा आवाज चढलेला नव्हता. "आता घरी गेल्यावर मायले काय म्हनसान?"

भाऊ लॅपटॉपच्या बंद पडद्याकडे बघत होता. "काय म्हनू? माय हाय."

"काईच नाही म्हननार?"

"म्हतारी झाली थे. तिले काय बोलाव?"

मी त्याच्या पायावर पाय दाबला. मी मनात म्हणत होते, बोल लेका, रागावीन म्हण, जाब विचारीन म्हण, खोटं का होईना, पण म्हण. त्याने पाय बाजूला घेतला.

ती उठली. पर्स खांद्याला लावली. "उद्या मले कोनी असं उभं केलं, तरी तुमी हेच म्हनसान," ती म्हणाली. "हयदीचं नाही हो. मी आली असती." मास्तरांना नमस्कार केला, मला नमस्कार केला, आणि दुकानाची वेळ झाली म्हणून निघून गेली. तिच्यावर मला रागावता आलं नाही. मी तिच्या जागी असते तर तेच केलं असतं.

एसटीत भाऊ खिडकीशी बसला होता. मूर्तिजापूर गेल्यावर तो एवढंच म्हणाला, "मायले फिल्मचं सांगू नको वं ताई." मी म्हटलं, तू सांग ना मग. तो परत खिडकीबाहेर बघायला लागला.

घरी पोचलो तेव्हा आईने चुलीवर भाकरी टाकल्या होत्या. मुलगी काय म्हणाली ते तिने विचारलं, आणि मी जमलं नाही म्हटल्यावर कपाळाला हात लावला, मामाला शिव्या दिल्या, अकोल्याला शिव्या दिल्या. मग माझ्या तोंडून निसटलं की आम्ही सिनेमा पाहिला. तिने तवा उतरवला आणि पदराने तोंड पुसत भावासमोर येऊन बसली.

"मी दिसतो का रे त्याच्यात?"

"दिसतं ना," भाऊ म्हणाला.

"कशी दिसतो?"

त्याने भाकरीचा तुकडा मोडला, भाजीला लावला, आणि तिच्याकडे पाहिलं.

"खुश दिसतं, माय," तो म्हणाला.

"मंग बरं," आई म्हणाली, आणि त्याच्या ताटात आणखी एक भाकर वाढली.